सायकल भंगारात देण्यापूर्वी

– ऊस विकास अधिकारी



या पानावर आम्ही दर अंकी बेणे, खोडवा, पाचट आणि खताचे हप्ते याच विषयांवर लिहीत आलो. या वेळी जरा आडवाटेने जातो. विषय सायकलीचा आहे. ऊस विकास विभागाचा आणि सायकलीचा संबंध काय, असे कोणी विचारील. संबंध आहे, आणि तो असा.

गेल्या हंगामात लागवडीच्या नोंदी घेण्यासाठी आम्ही खडकपूर्णेच्या लाभक्षेत्रातील एका गावी गेलो होतो. एका सभासदांच्या ओसरीवर बसून सात-बारा तपासत होतो. चहा येईपर्यंत नजर सहज अंगणात गेली. गोठ्याच्या भिंतीला मुलींची एक सायकल टेकून ठेवलेली होती. टायर बसलेले, चेनवर तांबूस गंज, आणि सीटवर एक कोंबडी निवांत बसलेली.

“ही कोणाची?” आम्ही विचारले.

“पोरीची हो साहेब. नववीत आहे. शाळेतून भेटली होती. फ्रीव्हील गेलं तिचं. पायडल मारलं की नुसतंच फिरतं. आता भंगारवाला आला की देऊन टाकतो.”

“मग पोरगी शाळेत कशी जाते भाऊ?”

“जाते पायी. कोणाची गाडी भेटली तं गाडीवर. नाही भेटली तं राह्यते घरी.”

शाळा चार किलोमीटरवर. शाळा दूर म्हणून मुलीचे नाव कमी होऊ नये, यासाठीच राज्य शासनाच्या मानव विकास कार्यक्रमातून आठवी ते बारावीच्या गरजू मुलींना सायकली देण्यात आल्या. आपल्या जिल्ह्यातील काही तालुक्यांचा त्यात समावेश आहे. सायकल घरी आली, पण ती चालू ठेवण्याची विद्या तिच्याबरोबर कोणी दिली नाही. निघताना आम्ही त्या गल्लीतल्या सायकली मोजल्या. सात निघाल्या. त्यात चालू होत्या तीन. उरलेल्या चारांपैकी एकीची रिंग ट्रॉलीखाली सापडून दुमडली होती, ती खरीच कामातून गेलेली. बाकी तिघींना फार काही झालेले नव्हते. त्या मुलीच्या सायकलीचे पुढे काय झाले ते ओघात येईलच.

आम्ही कृषी पदविका घेऊन नोकरीला लागलो तेव्हा आमच्याजवळ मोटारसायकल नव्हती. पहिली तीन वर्षे गट फिरलो तो काळ्या सायकलीवर. कॅरिअरला मोजणीची टेप आणि नोंदवही, हँडलला पाण्याची बाटली. त्या तीन वर्षांत सायकलीने आम्हाला जे शिकवले ते पदविकेच्या दोन वर्षांत शिकलो नव्हतो. त्यातलेच थोडे येथे लिहितो.

सायकल स्वतः उघडणे हे कमीपणाचे काम आहे, असे आजकालच्या पोरांना वाटते. त्यांच्यासाठी एक जुनी हकिकत. लक्ष्मणराव किर्लोस्कर आणि त्यांचे थोरले बंधू रामूअण्णा यांनी १८८८ साली बेळगावात दुकान काढले ते सायकलीचे. मुंबईहून सायकली आणायच्या, विकायच्या, दुरुस्त करायच्या आणि गिऱ्हाइकाला चालवायलाही शिकवायचे, असा तो धंदा. पुढे त्याच हातांनी कडबा कापण्याचे यंत्र केले, लोखंडी नांगर केला. लोखंडाने जमिनीत विष पसरते असे मानणाऱ्या शेतकऱ्यांच्या गळी तो नांगर उतरवला आणि १९१० साली किर्लोस्करवाडी वसवली. योगायोग असा की त्याच १८८८ साली आयर्लंडात बेलफास्ट येथे डनलॉप नावाच्या जनावरांच्या डॉक्टरने हवेच्या टायरचे पेटंट घेतले. मुलाची तीनचाकी दगडी रस्त्यावर फार दणके खाते म्हणून त्याने तो केला होता. विमान उडविणाऱ्या राइट बंधूंचेही अमेरिकेत डेटन गावी १८९२ पासून सायकलीचेच दुकान होते. तेव्हा हाताला ग्रीस लागले म्हणून कोणी लहान होत नाही.

आता मुद्द्यावर येतो, आणि सुरुवात पंक्चरपासूनच करतो, कारण भिंतीला टेकलेल्या सायकलींपैकी निम्म्या तिथूनच टेकतात.

हवा गेली म्हणजे पंक्चरच झाले असे समजू नये. काळ्या सायकलीच्या व्हॉल्व्हमध्ये रबराची बारीक नळी असते, तिला आपण व्हालट्यूब म्हणतो. उन्हाने ती चिरते, चिकट होते आणि हवा हळूहळू निघून जाते. हवा भरून व्हॉल्व्हच्या तोंडाला थुंकी लावावी. बुडबुडा आला तर चाक उघडण्याचे कारणच नाही, फक्त नळीचा तुकडा बदलावा. दोन-चार तुकडे पाकिटात ठेवले तर काही बिघडत नाही. एवढ्यासाठी तालुक्याला सायकल ढकलत नेलेले लोक आम्ही पाहिले आहेत.

खरे पंक्चर आपल्याकडे करतात ते दोघे : बाभळीचा काटा आणि सराटा. धुऱ्यावरचा सराटा फार पाजी. त्याचे फळ फुटून कसेही पडले तरी एक काटा आकाशाकडे राहतोच. ही वेल अमेरिकेत जाऊन पसरली तेव्हा तिकडच्या लोकांनी तिचे नावच पंक्चरची वेल असे ठेवले. बैलगाडीच्या वाटेवरून सायकल नेताना चाकोरीतून न्यावी, मधल्या गवतातून नेऊ नये, ते यासाठी.

पंक्चर काढताना सर्वांत मोठी चूक होते ती ही की, ट्यूबला पॅच मारतात आणि काटा टायरमध्ये तसाच राहतो. दुसऱ्या दिवशी त्याच जागी पुन्हा भोक. मग “ट्यूब खराब आहे” म्हणून नवीन ट्यूब, आणि तिलाही तिसऱ्या दिवशी भोक. टायरच्या आतून बोट फिरवले तर बोटाला काटा लागतो. त्यापेक्षा कापसाचा बोळा फिरवावा. काट्याचे टोक असेल तिथे कापसाचा धागा अडकून राहतो. आपल्या जिल्ह्यात बोळ्याला कापूस शोधत जावे लागत नाही!

दुसरी चूक घाईची. ट्यूब कानशीने घासून सोल्युशन लावले की ते पूर्ण वाळू द्यावे. बोटाला चिकटत नाही असे झाले की मग पॅच बसवून दाबावा. ओल्या सोल्युशनवर बसवलेला पॅच आज चिकटतो आणि उन्हात निघतो. सोल्युशन जाड थापले म्हणजे जास्त चिकटते हाही गैरसमज आहे, पातळ थरच चांगला.

भोक कोठे आहे यावरूनही कारण कळते. बाहेरच्या बाजूला एकच भोक असेल तर काटा. आतल्या, म्हणजे रिंगकडच्या बाजूला असेल तर तारेचे टोक वर आले आहे किंवा रिंगवरची पट्टी सरकली आहे. तारेचे टोक कानशीने घासावे आणि नवी पट्टी टाकावी. आणि शेजारी शेजारी दोन भोके असतील तर काटा शोधूच नये. हवा कमी ठेवून दगडावरून सायकल नेली, ट्यूब रिंग आणि टायर यांच्यात चेंगरली, असा त्याचा अर्थ. मागे दुधाचे कॅन किंवा खताचे पोते असेल तेव्हा मागच्या चाकात हवा नेहमीपेक्षा कडक हवी. अंगठ्याने दाबून टायर सहज दबला तर ओझे लादू नये.

आता ब्रेकविषयी. येथे आमची स्वतःची फजिती सांगणे भाग आहे. पदविकेला होतो त्या दिवसांत आम्ही एकदा बुलडाण्याहून मोताळ्याकडे राजूर घाट उतरत होतो. आदल्या दिवशीच नवीन ब्रेक रबर टाकून घेतले होते. दुकान कोणते ते लिहीत नाही, त्याचा धंदा आहे. पहिली दोन वळणे ठीक गेली. तिसऱ्या वळणावर मागचा ब्रेक दाबला, कट्‌ असा आवाज आला आणि हातातला ब्रेक एकदम ढिला पडला. रबर पट्टीतून सरकून रस्त्यावर पडले होते आणि नुसते लोखंड रिंगवर करकरत होते. पुढचा एकटा ब्रेक जोरात दाबावा तर उलटून पडण्याची भीती. समोरून एस.टी. येत होती. आम्ही सायकल डोंगराच्या बाजूच्या नालीत घातली. ढोपर आणि कोपर सोलले, हँडल वाकडे झाले, एवढ्यावर निभावले. कोपरावरची खूण अजून आहे.

झाले होते ते एवढेच : ब्रेकच्या ज्या पट्टीत रबर बसवतात तिचे एक तोंड बंद असते आणि एक उघडे. चाक ज्या दिशेला फिरते त्या दिशेला बंद तोंड हवे, म्हणजे चाकाने रबर ओढले तरी ते अडून राहते. आमच्या सायकलीला पट्टी उलटी बसवली होती. चाकाने रबर ओढले आणि उघड्या तोंडातून बाहेर फेकले. सपाट रस्त्यावर हे महिनोन्‌महिने लक्षात येत नाही, उतारावर एका क्षणात येते. हा अंक खाली ठेवून आधी घरातल्या सायकलीचे चारही रबर पाहून घ्यावेत, अशी आमची विनंती आहे.

आणखी एक. लोखंडी रिंग पावसात ओली झाली म्हणजे ब्रेक जवळजवळ लागतच नाही. चालवणाऱ्याला वाटते रबर झिजले. रबर चांगले असते, पाण्याने धरत नाही. पावसात थांबायच्या बरेच आधी ब्रेक हलकेच लावून धरावा. रिंगवरचे पाणी पुसले जाते आणि मग ब्रेक पकडतो. मुलांना हे एकदा मोकळ्या मैदानात करून दाखवावे.

काळ्या मातीचा त्रास तर घाटावरच्यांना काय आणि घाटाखालच्यांना काय, सारखाच. मृगाच्या पहिल्या पावसानंतर आपल्या रानात माणूस सायकलीवर बसत नाही, सायकल माणसाच्या खांद्यावर बसते. मडगार्डात माती भरली की ओली असतानाच काडीने काढावी, वाळली की विटेसारखी होते आणि टायर घासून घासून त्याच्या बाजूचे सूत उघडे पडते. पण ती धुण्यासाठी फवारणीचा पंप किंवा मोटारीचा पाइप थेट चाकाच्या मध्यावर मारू नये. जोराच्या पाण्याबरोबर माती आत छर्ऱ्यांपर्यंत जाते. ओल्या फडक्याने पुसणे पुरते.

चाकाच्या आत काय असते ते पुष्कळांनी पाहिलेले नसते. दोन्ही बाजूंना वाटी, त्यात ग्रीसमध्ये बसलेले छर्रे, आणि त्यांना दाबून धरणारा कोन. पुढच्या चाकात साधारणपणे दोन्हीकडे दहा-दहा छर्रे, मागच्यात नऊ-नऊ आणि आकाराने मोठे. कोन ढिला झाला तर चाक डुलते आणि छर्रे वाटीला खड्डे पाडतात. जास्त आवळला तर चाक जड होते आणि तेच छर्रे भरडले जातात. तपासायची रीत सोपी आहे. सायकल उलटी ठेवावी, रिंग धरून आडवी हलवावी; खडखड लागली तर कोन ढिला. मग चाक हलकेच फिरवून सोडावे. कोन बरोबर असेल तर चाक थांबताना थोडे मागे-पुढे झुलते आणि व्हॉल्व्हच्या वजनाने व्हॉल्व्ह खाली येऊन थांबतो. मध्येच कोठेही खट्‌कन थांबले तर कोन घट्ट आहे.

वर्षातून एकदा, शक्यतो पावसाळा संपल्यावर, चाके उघडून छर्रे डिझेलने धुवावेत. आपल्याकडे याला ओव्हरऑइलिंग म्हणतात. एखादा छर्रा फुटला असेल तर त्या बाजूचे सर्वच्या सर्व बदलावेत. जुन्यात एकच नवा टाकला तर सगळा भार त्या एकट्यावर येतो. ग्रीस ट्रॅक्टरचे चालते. एक्सलवर खताच्या पोत्याची सुतळी गुंडाळली गेली आहे का तेही पाहावे. ती कोनाच्या आत शिरून ग्रीस शोषून घेते. आणि खताचे पोते वाहिल्यानंतर सायकल पुसून घ्यायला विसरू नये. युरियाची खर तारांच्या बुडाशी बसते, ओल धरते आणि तार तिथेच गंजून तुटते.

तारांविषयी एक उलटी वाटणारी गोष्ट. तार ताणामुळे तुटते असे आपण समजतो. बहुतेक वेळा ती सैल राहिल्याने तुटते; चाकाच्या प्रत्येक फेऱ्याला ती वाकते, सरळ होते, वाकते, आणि शेवटी बुडाशी मोडते. बोटाने छेडून पाहावी. एका बाजूच्या सगळ्या तारा साधारण एका सुरात वाजल्या पाहिजेत. एखादी भद्द वाजली तर ती आवळून घ्यावी. जुन्या घडणीच्या काळ्या सायकलीला पुढे ३२ आणि मागे ४० तारा असत, कारण ओझे मागे असते. दूध वाहणाऱ्यांनी मागचे चाक घेताना तारा मोजून घ्याव्यात. चाकाचा आऊट काढणे मात्र मिस्त्रीवर सोपवावे असे आमचे मत आहे. ते काम आम्हालाही नीट जमले नाही.

कॉटरबद्दल थोडक्यात. पायडलचा दांडा ‘टक टक’ करू लागला की लोक कॉटरचे नट आवळतात, आणि त्याचे आटे जातात. नट कॉटर ओढण्यासाठी नसतो, बसलेला कॉटर धरून ठेवण्यासाठी असतो. दांड्याखाली दगडाचा किंवा लाकडाचा भक्कम टेका द्यावा, हातोडीने कॉटर ठोकावा, मग नट लावावा. एक दिवस चालवून पुन्हा एकदा ठोकावा. दोन्ही बाजूंचे कॉटर एकमेकांच्या उलट दिशेने घालतात; एका दिशेने घातले तर पायडल सरळ रेषेत राहत नाहीत. आणि डाव्या पायडलचे आटे उलटे असतात, हे विसरून जोर लावल्यामुळे कित्येक दांडे फुकट गेले आहेत.

चेन केव्हा बदलावी याचा अंदाज डोळ्याने घेऊ नये, मोजावे. मिस्त्रीची टेप घ्यावी, शाळेची पट्टी पुरत नाही. एका पिनेच्या मध्यावर शून्य धरून पुढच्या २४ कड्या मोजाव्यात. नव्या चेनमध्ये चोविसावी पिन बरोबर १२ इंचांवर येते. ती अर्धा सूत पुढे गेली असेल तर नवी चेन आणावी. एक सूत पुढे गेली असेल तर चेन संपली, आणि बहुधा तिने दातेही खाल्ले. चेन लांबते म्हणजे लोखंड ताणले जात नाही. प्रत्येक पिन थोडीथोडी झिजते आणि सगळ्यांची झीज मिळून लांबी वाढते. झिजलेले दाते विळ्यासारखे एकीकडे वाकलेले दिसतात. अशा दात्यांवर नवी चेन टाकली की ती उड्या मारते आणि दुकानदाराला शिव्या बसतात.

चेनला ट्रॅक्टरचे जळके ऑइल घालण्याची आपल्याकडे फार सवय. ते फुकट असते हे खरे. पण त्यात इंजिनाची लोखंडी खर असते आणि वर धूळ बसते, म्हणजे चेनला आपण पॉलिश पेपरच लावतो. शिलाई मशीनचे पातळ तेल प्रत्येक कडीला एक थेंब द्यावे, पायडल उलटे फिरवावे आणि बाहेरचे सगळे पुसून टाकावे. तेल आत हवे, बाहेर नव्हे.

आता त्या मुलीची सायकल.

फ्रीव्हीलच्या आत दोन छोट्या खिट्ट्या असतात, मिस्त्री लोक त्यांना कुत्ते म्हणतात. केसाएवढ्या बारीक स्प्रिंगच्या जोरावर त्या बाहेर येऊन दात्यात अडकतात आणि चाक पुढे ढकलतात. पायडल थांबवले की त्याच कट कट कट वाजत मागे सरकतात. “तुम्ही फ्रीव्हीलमध्ये काही घातलं होतं का भाऊ?” आम्ही त्या सभासदांना विचारले. “हो ना, मागं जाम वाटत होतं म्हणून चांगलं ग्रीस भरलं ग्रीसगननं,” ते म्हणाले. तिथेच घोटाळा होता. ग्रीस चाकाच्या वाटीत चालते, फ्रीव्हीलमध्ये कधीच नाही. घट्ट ग्रीस आणि धूळ यांत त्या खिट्ट्या आतच चिकटून बसल्या होत्या. त्यामुळे पायडल नुसते फिरत होते.

आम्ही चाक काढायलाही लावले नाही. सायकल फ्रीव्हील वर येईल अशी आडवी निजवली. रॉकेल आता सहज मिळत नाही, म्हणून ट्रॅक्टरमधले वाटीभर डिझेल घेतले. फ्रीव्हीलच्या आतल्या आणि बाहेरच्या कड्यामध्ये जी फट असते तीत थेंब थेंब सोडत राहिलो आणि दाते हाताने उलटे फिरवत राहिलो. पहिल्यांदा काहीच झाले नाही. पाच-सात मिनिटांनी खालून काळी राळ गळू लागली. पुन्हा डिझेल, पुन्हा फिरवणे. तीन वेळा असे केल्यावर आतून एक बारीक कट्‌ ऐकू आला. मग दुसरा. मग सलग कट कट कट. शेवटी दोन थेंब मशीनचे तेल सोडले. दोन्ही व्हालट्यूब चिरल्या होत्या, त्या शेजारच्या घरून मिळाल्या. ब्रेक रबर मात्र संपले होते. ते बाजारच्या दिवशी आणा, तोवर उतारावर नेऊ देऊ नका असे बजावले.

हे सर्व होईस्तोवर पाच वाजले. मुलगी शाळेतून पायी आली. दप्तर ओसरीवर टाकले, सायकलीकडे पाहिले, वडिलांकडे पाहिले, आणि काही न बोलता सायकल घेऊन गल्लीत गेली. मागच्या चाकात हवा कमी आहे असे आम्ही ओरडून सांगितले, पण ती ऐकायला थांबली नाही.

त्या दिवशी नोंदी अर्ध्याच झाल्या, हे कार्यालयाने माफ करावे.

नवीन सायकल किंवा नवा भाग घेताना काय पाहावे, असे बरेच जण विचारतात. आमचा नियम एकच आहे : ज्या सायकलीचे भाग आपल्या आठवडी बाजाराच्या गावी मिळतात तीच घ्यावी. मुलांना डबल शॉकर पाहिजे असते, गिअर पाहिजे असतात. हलक्या किमतीचा शॉकर वजन वाढवतो, चिखलाने जाम होतो आणि वर्षभरात नुसता खडखडतो. हलक्या गिअरची पट्टी एकदा वाकली की सरळ करणारा तालुक्यालाही सापडत नाही. गिअर वाईट नाहीत, पण दुरुस्त करणारा जवळ हवा. सायकलीवरचे नाव पाहून घेणेही पुरेसे नाही. एके काळी घरोघरी अ‍ॅटलास असे, तिचा साहिबाबादचा कारखाना जून २०२० मध्ये बंद पडला. तरीही जुन्या अ‍ॅटलास चालू आहेत, कारण काळ्या सायकलीचे बहुतेक भाग एकमेकींना लागतात.

टायर घेताना मात्र फसगत होते. मुलींच्या सायकलीवर २६ लिहिलेले असते आणि रेंजरवरही २६ लिहिलेले असते, पण एकीचा टायर दुसरीला बसत नाही. टायरच्या बाजूवर बारीक अक्षरांत दोन आकडे असतात, उदाहरणार्थ ३७-५९० किंवा ५०-५५९. पहिला आकडा टायरची रुंदी आणि दुसरा रिंगवर टायर बसतो तिथला व्यास, दोन्ही मिलिमीटरमध्ये. दुसरा आकडा तंतोतंत जुळला पाहिजे. काळ्या २८ बाय दीडच्या सायकलीला तो ६३५ असतो. बाजाराला जाताना जुन्या टायरवरचा आकडा कागदावर लिहून न्यावा. दुकानदाराने “चालतंय, ओढून बसवू” म्हटले तर घेऊ नये.

दूध किंवा वैरण वाहणाऱ्यांसाठी एक स्वस्त सुधारणा आहे. काळ्या सायकलीला पुढे ४४ दाते आणि मागच्या फ्रीव्हीलला १८ दाते असतील, तर पायडलच्या एका फेऱ्यात सायकल सुमारे साडेपाच मीटर जाते. फ्रीव्हील २० दात्यांचे टाकले तर पाच मीटरच्या आसपास जाईल. वेग थोडा कमी, पण चढावर उतरून ढकलण्याची पाळी कमी येते. चाक थोडे पुढे सरकवून भागते, नाहीतर चेनला कडी वाढवावी लागते. सीटही पाहावी. आपल्याकडे सीट फार खाली ठेवतात आणि मग गुडघे दुखतात म्हणून तेल चोळतात. पायडल सर्वांत खाली असताना त्यावर टाच ठेवली तर पाय जवळजवळ सरळ झाला पाहिजे. सीटचा दांडा मात्र चार बोटे तरी नळीत राहिला पाहिजे.

गळीत हंगामात रात्रीच्या रस्त्यावर उसाच्या गाड्या आणि ट्रॉल्या असतात. त्यांना रिफ्लेक्टर लावण्याचा आग्रह दर वर्षी होतो. पण पहाटे दूध घेऊन किंवा रात्री पाणी देऊन सायकलीवर येणाऱ्या माणसाच्या मागे बहुधा काहीच नसते. ट्रॅक्टरच्या उजेडात काळी सायकल आणि काळे कांबळे दिसत नाही. मागच्या मडगार्डवर लाल रिफ्लेक्टर आणि दोन्ही पायडलना पिवळे लावावेत. पायडलचे पिवळे वर-खाली हलतात, त्यामुळे दुरूनच सायकल आहे हे कळते. कॅरिअरवर पोते बांधताना ते मागच्या लाल रिफ्लेक्टरवर लोंबकळणार नाही असे पाहावे.

आपल्या गट कार्यालयात कोनाचा पातळ पाना, चेनची पिन काढायचे यंत्र आणि हवेचा एक पंप सभासदांच्या उपयोगासाठी ठेवला आहे. वहीत सही करून न्यावा आणि दुसऱ्या दिवशी परत आणून द्यावा. मागच्या पंपावर सही आहे, पण वाचता येत नाही. ज्यांनी नेला असेल त्यांनी आणून द्यावा.